‘व्हिक्टोरिया’चा लाकडी संच: लाकूड अव्वल, इतिहास कच्चा

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी ‘व्हिक्टोरिया’ या स्पॅनिश जहाजाच्या लाकडी प्रतिकृतीचा संच मागवला आणि यंदा मे महिन्याच्या अखेरीस तो पुरा केला. रोज रात्रीचा तास-दीड तास आणि बहुतेक सगळे रविवार असे सात महिने त्यात गेले. संच युरोपातल्या एका जुन्या कंपनीचा आहे. कर आणि वाहतूक धरून तो मला साडेअकरा हजार रुपयांना पडला. कंपनीचे नाव मी देत नाही, कारण पुढे ज्या दोषांबद्दल लिहिणार आहे ते माझ्या हाती आलेल्या एका खोक्यातले आहेत आणि तेवढ्यावरून कोणाच्या नावावर शिक्का मारणे मला योग्य वाटत नाही. मात्र ज्यांना जहाजांच्या प्रतिकृती करण्याची हौस आहे, किंवा स्पेनच्या सागरी मोहिमांविषयी ज्यांना कुतूहल आहे, त्यांना असा संच घेताना काय तपासावे आणि काय स्वतः दुरुस्त करून घ्यावे, हे सांगण्याजोगे माझ्यापाशी बरेच साठले आहे.

आधी मूळ जहाजाविषयी. १० ऑगस्ट १५१९ रोजी सेव्हिलहून पाच जहाजे ग्वादालकिविर नदीतून खाली निघाली आणि २० सप्टेंबरला सानलुकार या नदीच्या मुखावरील बंदरातून खुल्या समुद्रात गेली. ‘त्रिनिदाद’, ‘सान अँतोनियो’, ‘कोन्सेप्सियोन’, ‘व्हिक्टोरिया’ आणि ‘सांतियागो’ ही त्यांची नावे. पश्चिमेकडून मसाल्याच्या बेटांवर, म्हणजे आजच्या इंडोनेशियातल्या मोलुक्कांवर, पोहोचायचे हा मोहिमेचा हेतू होता आणि मॅगेलन हा पोर्तुगीज दर्यावर्दी तिचा प्रमुख होता. ‘सांतियागो’ दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावर फुटले. ‘सान अँतोनियो’वरच्या लोकांनी त्या खंडाच्या दक्षिण टोकाशी असलेल्या सामुद्रधुनीतूनच माघारीची वाट धरली. ‘कोन्सेप्सियोन’ चालवायला माणसे उरली नाहीत, म्हणून फिलिपीन्समध्ये ते जाळून टाकावे लागले आणि ‘त्रिनिदाद’ मोलुक्कात पोर्तुगीजांच्या हाती पडले. एकटे ‘व्हिक्टोरिया’ पृथ्वीप्रदक्षिणा पुरी करून ६ सप्टेंबर १५२२ रोजी सानलुकारला परतले, तेव्हा त्याच्यावर १८ युरोपीय उरले होते. त्या जहाजाची क्षमता ८५ तोनेल होती. तोनेल म्हणजे मोठ्या पिंपावर आधारलेले तेव्हाचे माप. पाचांत केवळ ‘सांतियागो’ त्याहून लहान होते.

अशा जहाजाला स्पॅनिशमध्ये ‘नाओ’ म्हणतात. आपल्या ‘नाव’ या शब्दाचे आणि त्याचे मूळ एकच आहे, हे कळल्यावर मला त्या खोक्याविषयी उगीचच अधिक आपुलकी वाटली.

खोके उघडल्यावर पहिली छाप चांगली पडते. प्लायवूडचा कणा आणि तेरा फासळ्या लेझरने कापलेल्या आहेत आणि त्या एकमेकींत इतक्या नेमक्या बसतात की सांगाडा उभा करायला एक संध्याकाळ पुरते. आमच्या कोकणात गलबताच्या कण्याला ‘पठाण’ म्हणतात. पठाण सरळ नसेल तर पुढे कितीही कौशल्य दाखवले तरी जहाज तिरके होते. या संचातला कणा भिंगातून पाहिला तरी सरळ होता, आणि दूरच्या प्रवासाने आलेल्या लाकडाच्या बाबतीत ही साधी गोष्ट नाही. बाहेरच्या आवरणासाठी पट्ट्यांचे दोन थर आहेत. आतला थर फिकट, मऊ लाकडाचा आणि बाहेरचा अक्रोडाचा. अक्रोडाच्या पट्ट्या अर्धा मिलिमीटर जाडीच्या, एकसारख्या रंगाच्या आणि गाठी नसलेल्या निघाल्या. शंभरातल्या फार तर चार टाकून द्याव्या लागल्या.

प्रमाण १:६० आहे. जहाजाची लांबी ३६ सेंटिमीटर, मधली रुंदी १२ आणि कणा २४. ही तीन मापे मी मुद्दाम पट्टी लावून घेतली, कारण त्या काळातल्या स्पॅनिश सुतारांचा ‘एक, दोन, तीन’ हा ठोकताळा प्रसिद्ध आहे. रुंदी एक असेल तर कणा दोन आणि लांबी तीन. ‘व्हिक्टोरिया’चा मूळ आराखडा जगात कुठेही नाही. जहाज बास्क किनाऱ्यावर बांधलेले, मालवाहू, हातच्या अनुभवावर घडवलेले होते, आणि तशा जहाजांचे आराखडे कागदावर काढण्याची रीत तेव्हा नव्हती. म्हणून आज दिसणारी त्याची प्रत्येक प्रतिकृती, मग ती नदीत तरंगणारी पूर्ण आकाराची असो की टेबलावरची, हा अभ्यासपूर्ण अंदाज असतो. या संचाच्या आराखडाकाराने निदान घडणीच्या बाबतीत तो अंदाज अभ्यासाने केला आहे, आणि त्याचे श्रेय त्याला दिले पाहिजे.

या मापाने त्या काळातला मध्यम उंचीचा माणूस पावणेतीन सेंटिमीटरचा होतो. मी आगकाडीचा तेवढा तुकडा कापून कामभर टेबलावर ठेवला होता. मागच्या माडीखाली तो उभा राहतो की वाकतो, तोफेच्या मागे उभे राहायला त्याला जागा उरते की नाही, हे त्या तुकड्यावरून सतत कळत राही. मोलुक्कातून निघताना या एवढ्याशा फळीतळावर, पोटात लवंग भरलेली असताना, ४७ युरोपीय आणि १३ स्थानिक लोक होते. कोणत्याही पुस्तकाने मला ते इतके स्पष्ट दाखवले नव्हते.

पट्ट्या चढवण्याचे काम या संचात सर्वांत अवघड आणि सर्वांत आनंदाचे आहे. जहाजाची नाळ, म्हणजे पुढचे टोक, चांगलीच फुगीर आहे, त्यामुळे सरळ पट्टी तिथे वळायला तयार होत नाही. गरम पाण्यात वीस मिनिटे भिजवून, गोल डब्याभोवती दोऱ्याने बांधून रात्रभर ठेवायची आणि सकाळी ती आकार घेऊन सुटली की फेविकॉल लावून टाचण्यांनी फासळीवर धरायची, ही रीत मला सोसली. फेविक्विकने काम लवकर होते, पण अक्रोडावर त्याचा पांढरा डाग उरतो आणि तो पॉलिश पेपरनेही पुरता जात नाही. माहितीपुस्तिकेत पट्ट्या नाळेकडे निमुळत्या कराव्यात एवढेच म्हटले आहे. किती निमुळत्या, हे नाही. प्रत्येक पट्टी नाळेशी निम्म्याहून कमी रुंद करू नये, त्याऐवजी दोन पट्ट्यांच्या जागी एक घ्यावी, हे मला तीन पट्ट्या उचकटून काढल्यावर समजले.

माडीची फळी चढवण्याआधी मी एक काम केले, जे संचात सांगितलेले नाही. ‘व्हिक्टोरिया’ने सेव्हिलला आणलेल्या लवंगेच्या ३८१ गोण्यांची नोंद आहे. सुमारे ५२४ क्विंताल, म्हणजे आजच्या हिशेबाने २४ टनांच्या आसपास (तेव्हाचा स्पॅनिश क्विंताल सुमारे ४६ किलोचा होता). आपल्या डब्यातली लवंग साधारण दीड सेंटिमीटर लांब असते. साठपट केली की ९० सेंटिमीटर, म्हणजे उभ्या गोणीएवढी उंच. मी एका रविवारी सकाळी ओट्यावर वर्तमानपत्र पसरून ३८१ लवंगा मोजल्या आणि मधल्या तीन खणांत भरल्या. आई चहा गाळता गाळता म्हणाली, “अगं, एवढी लवंग कशाला वाया घालवतेस? वर्षाचा मसाला होईल त्यात.” मी म्हणाले, “आई, एवढ्यासाठीच तर ते सगळे गेले होते.” तिने ते ऐकून घेतले आणि आणखी दहा लवंगा माझ्या हातावर ठेवल्या, कारण काहींची फुले गळालेली तिला दिसली होती.

त्या लवंगेवरूनच पोर्तुगीजांनी ‘व्हिक्टोरिया’ची १३ माणसे अडकवली. १५२२ च्या जुलैत अन्नासाठी आफ्रिकेच्या पश्चिमेला, पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या केप व्हर्देच्या सांतियागो बेटावर थांबावे लागले. आम्ही अमेरिकेहून येत आहोत असे खलाशांनी सांगितले, पण लवंग दिसली आणि जहाज कुठून येत आहे ते उघड झाले. स्पेन आणि पोर्तुगाल यांच्यातल्या १४९४ च्या तोर्देसियासच्या तहाने समुद्राचे जे दोन वाटे झाले होते त्यात आफ्रिकेला वळसा घालून जाणारा पूर्वेचा मार्ग पोर्तुगालकडे होता. याच बेटावर खलाशांना आणखी एक धक्का बसला. जहाजावर रोज न चुकता नोंद ठेवूनही त्यांच्या मते बुधवार होता आणि किनाऱ्यावर मात्र गुरुवार. पश्चिमेकडे जात पृथ्वीला फेरी मारली तर एक दिवस गळतो, हे त्याआधी कोणी प्रत्यक्ष अनुभवले नव्हते.

आता दोषांकडे येते, आणि इथे मला कठोर व्हावे लागेल, कारण हे दोष थोड्या वाचनाने टळले असते.

पहिला दोष खोक्याच्या झाकणावरच आहे. तिथे मोठ्या अक्षरांत ‘मॅगेलनचे जहाज’ असे छापले आहे आणि सोबतच्या पितळी पाटीवरही तेच कोरले आहे. मॅगेलनचे जहाज ‘त्रिनिदाद’ होते. ‘व्हिक्टोरिया’चा कप्तान लुइस दे मेंदोसा होता आणि एप्रिल १५२० मध्ये दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावरील सान हुलियानच्या बंदरात बंड झाले तेव्हा मॅगेलनच्याच माणसांनी त्याला ठार केले. मॅगेलन स्वतः २७ एप्रिल १५२१ रोजी फिलिपीन्समधल्या मॅक्तान बेटावरच्या लढाईत मारला गेला. जहाज परत आणले ते हुआन सेबास्तियान एल्कानोने, जो निघताना ‘कोन्सेप्सियोन’वर होता आणि सान हुलियानच्या बंडात सामीलही होता. राजा पाचव्या चार्ल्सने त्याला दिलेल्या कुलचिन्हात दालचिनी, जायफळ आणि लवंग आहेत, वर पृथ्वीचा गोल आहे आणि ‘तू मला प्रथम प्रदक्षिणा घातलीस’ अशा अर्थाचे लॅटिन शब्द आहेत. ज्याचे नाव पाटीवर हवे त्याचे नाव संपूर्ण पुस्तिकेत एकदाही नाही. मी ती पाटी उलटी केली आणि आमच्या इथल्या कोरणाऱ्याकडून मागच्या बाजूवर फक्त जहाजाचे नाव आणि १५१९ ते १५२२ ही वर्षे घालून घेतली.

दुसरा दोष सुकाणूचा. संचात मागच्या माडीवर बसवायला पितळेचे सुंदर, आठ मुठींचे चाक दिले आहे. जहाजाला चाकाने वळवण्याची पद्धत अठराव्या शतकाच्या सुरुवातीला आली. ‘व्हिक्टोरिया’वर ती असणे अशक्य आहे. तेव्हा सुकाणूच्या डोक्यात एक लांब दांडा अडकवलेला असे आणि तो मागच्या भोकातून माडीखाली येई. दांडा धरणारा माणूस माडीखाली असल्यामुळे त्याला ना शिडे दिसत ना समुद्र. समोर होकायंत्र ठेवलेले आणि वरून ओरडून दिलेला हुकूम, एवढ्यावर तो जहाज वळवी. हे कळल्यावर चाक लावण्याची कल्पनाच मला सोसेना. मी चाक बाजूला ठेवले, अक्रोडाची तीन मिलिमीटरची पट्टी कानशीने गोल केली आणि मागे भोक पाडून ती सुकाणूला जोडली. दीड तासाचे काम आहे आणि संच घेणाऱ्या प्रत्येकाने ते करावे असे मी आग्रहाने सांगेन.

तिसरा दोष निशाणाचा. कापडी निशाण लाल-पिवळे, म्हणजे आजच्या स्पेनच्या झेंड्याचे आहे. ते रंग तिसऱ्या कार्लोसने १७८५ साली आपल्या आरमारासाठी ठरवले. १५१९ मध्ये कास्तिलचे किल्ले आणि लेओनचे सिंह असलेली राजचिन्हे फडकत असत. योगायोग असा की याच राजाने त्याच १७८५ साली सेव्हिलच्या व्यापाऱ्यांच्या जुन्या इमारतीत ‘आर्किव्हो दे इंदियास’ हे दफ्तरखाने उभे केले, आणि या मोहिमेचा जमाखर्च आज तिथेच आहे.

तो जमाखर्च वाचला असता तर संचकर्त्यांनी सामानाच्या बाबतीत एवढी कंजुषी केली नसती. पाचही जहाजांवर मिळून काय चढवले याच्या याद्या उपलब्ध आहेत: ९८४ चीजचे गोळे, २५० लसणाच्या माळा, जिवंत गाई आणि डुकरे, हेरेसची वाइन, चामड्यावर काढलेले २३ नकाशे, सूर्य-ताऱ्यांची उंची मोजायची २१ लाकडी चतुर्थांश यंत्रे आणि त्याच कामाचे सात अॅस्ट्रोलेब, होकायंत्राच्या ३५ सुया, वाळूची १८ घड्याळे, आणि अदलाबदलीच्या व्यापारासाठी २०,००० घुंगरे. या संचात चार पिंपे आणि दोन पेट्या आहेत. मी लसणाच्या माळा दोऱ्याच्या बारीक गाठी मारून केल्या आणि स्वयंपाकाच्या चुलीच्या खोक्याशेजारी टांगल्या. चूल मात्र संचात बरोबर दिली आहे, उघड्या तळावर, वाळूवर पेटवायची.

डोलकाठ्या तीन आहेत. पुढच्या दोन काठ्यांना चौकोनी शिडे आणि मागच्या काठीला तिकोनी, आपल्याकडच्या मचव्यासारखे. काठ्यांचे लाकूड सरळ रेषांचे आणि चांगले वाळलेले आहे. मला मिळालेल्या संचात पुढची काठी तेवढी किंचित वाकडी होती. मूळ जहाजाची हीच काठी मे १५२२ मध्ये केप ऑफ गुड होपजवळच्या वादळात तुटली होती, त्यामुळे तिची जागा मी स्वतः तासलेल्या काठीने भरताना माझी तक्रार पुष्कळ सौम्य झाली. शिडांचे कापड जाड आहे. १:६० ला ते गोणपाटासारखे दिसते. शक्य असेल तर जुन्या मऊ धोतराचे किंवा मलमलचे कापड वापरावे आणि चहाच्या पाण्यात बुडवून रंगवावे.

दोरांचे काम चालू असताना माझे मामा पुण्याला आले होते. ते वेंगुर्ल्याचे, वय ऐंशीच्या पुढे. तरुणपणी शिडाच्या गलबतावर खलाशी होते आणि मंगळुरी कौले भरून वर मुंबईपर्यंत जात असत. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, जहाजाच्या जवळ तोंड नेले आणि बराच वेळ काही बोलले नाहीत. मी मुख्य परबाण, म्हणजे शीड ज्या आडव्या वाशाला बांधतात तो वासा, नुकताच चढवला होता. तो त्यांनी बोटाने हलकेच फिरवला आणि डोलकाठीला दोन्ही बाजूंनी ताणून धरणाऱ्या दोरांना तो जिथे टेकला तिथे नख ठेवले. म्हणाले, “बाय, ह्यो परबाण हय दोरार घासतलो. हय कायतरी गुंडाळूक होया, नायतर चार दिसांत दोर तुटतलो.”

पुस्तिकेत तिथे काही गुंडाळायला सांगितलेले नाही. पण मला अंतोनियो पिगाफेत्ता आठवला. हा इटलीतल्या विचेंझाचा तरुण मोहिमेवर होता, शेवटच्या अठरांत तो परतला आणि त्याने प्रवासाचा वृत्तांत लिहून ठेवला. २८ नोव्हेंबर १५२० रोजी जहाजे सामुद्रधुनीतून पॅसिफिकमध्ये उतरली आणि तीन महिने वीस दिवस त्यांना ताजे अन्न मिळाले नाही. बिस्किटांचा भुगा उरला, त्यात किडे आणि उंदरांच्या मुताचा वास. पाणी पिवळे पडलेले. उंदीर अर्ध्या दुकातला (दुकात म्हणजे तेव्हाचे सोन्याचे नाणे) एक विकला जाई आणि तरी पुरत नसे. हिरड्या सुजून दात झाकले जात आणि माणसे खाता न आल्याने मरत. या सगळ्यात पिगाफेत्ता सांगतो की मुख्य परबाणाच्या वरच्या अंगाला, दोर घासून तुटू नयेत म्हणून बैलाचे चामडे लावलेले होते. ऊन, पाऊस आणि वारा यांनी ते दगडासारखे झाले होते. ते काढून चार-पाच दिवस समुद्रात भिजत ठेवले, मग निखाऱ्यांवर थोडे धरले आणि खाल्ले. मामांनी नख ठेवलेली जागा नेमकी ती होती.

दुसऱ्या दिवशी मी जुन्या कोल्हापुरी चपलेचा पट्टा कापला, त्यातून चार मिलिमीटर रुंदीची पातळ चकती सोलली आणि वाटीभर पाण्यात टाकली. रात्रभर भिजवूनही ती वाकेना. तिसऱ्या दिवशी ती परबाणाभोवती वळली आणि मी मेण लावलेल्या दोऱ्याने बांधली. आता ती वाळून काळपट झाली आहे आणि बघणाऱ्याला सहसा दिसतही नाही. संपूर्ण प्रतिकृतीत माझ्या मते सर्वांत खरी गोष्ट तीच आहे, आणि ती संचात नव्हती.

मामांना मी पुढे ‘त्रिनिदाद’ची हकीकतही सांगितली, कारण तिचा त्यांच्या किनाऱ्याशी संबंध आहे. मोलुक्कातल्या तिदोर बेटावरून दोन्ही जहाजे बरोबर निघणार होती, पण निघताना ‘त्रिनिदाद’च्या तळातून नळी सोडल्यासारखे पाणी येऊ लागले. भोक सापडेना, म्हणून तिथल्या राजाने पाणबुडे बोलावले आणि ते केस मोकळे सोडून पाण्याखाली गेले, म्हणजे पाणी जिथे आत ओढले जात असेल तिथे केस खेचले जातील. तरीही गळती मिळाली नाही. म्हणून २१ डिसेंबर १५२१ रोजी ‘व्हिक्टोरिया’ एकटे निघाले, आणि पोर्तुगीजांची बंदरे टाळण्यासाठी हिंदी महासागर थेट दक्षिणेकडून ओलांडून गेले. ‘त्रिनिदाद’चे उरलेले लोक पुढे पोर्तुगीजांचे कैदी झाले, मलाक्का आणि कोचीन असे फिरवले गेले, आणि त्यांतले मोजकेच युरोप पाहू शकले. स्वतः मॅगेलनही त्याआधी १५०५ मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉय आल्मेदाच्या आरमारातून पोर्तुगालच्या नोकरीत आपल्या किनाऱ्यावर आला होता. केस सोडून भोक शोधण्याची युक्ती मामांनी दोनदा सांगायला लावली.

कंपनीच्या सेवेविषयी थोडक्यात. दोर ताणण्यासाठी लागणाऱ्या तीन भोकांच्या लाकडी चकत्यांची एक पुडी माझ्या खोक्यात रिकामी निघाली. मी छायाचित्रासह ईमेल पाठवला. पहिले उत्तर यायला अठरा दिवस लागले आणि त्यात बिलाची प्रत मागितली होती. पुडी हाती आली तेव्हा दोन महिने उलटले होते. त्या चकत्यांवाचून दोरांचे काम अडते, म्हणून खोके आल्याच दिवशी यादीबरहुकूम प्रत्येक पुडी मोजून घ्यावी. पुस्तिकेचे इंग्रजी भाषांतर ओबडधोबड आहे, मात्र दोरांचे आराखडे प्रत्यक्ष आकाराचे आणि फार स्वच्छ काढलेले आहेत. त्यांच्यावर मोजपट्टी ठेवून सरळ काम करता येते.

पहिल्यांदाच असे काम करणाऱ्याने या संचापासून सुरुवात करू नये. ‘व्हिक्टोरिया’ची फुगीर नाळ नवशिक्याची उमेद खचवते, आणि साडेअकरा हजार रुपये ही उमेदवारीसाठी जास्त रक्कम आहे. एखादी साधी एक काठीची होडी हातून गेली असेल तर मात्र अवश्य घ्यावा. ज्यांना जहाज नुसते शोभेसाठी हवे आहे त्यांना चाकासकट, लाल-पिवळ्या निशाणासकट, खोक्यावरच्या चित्राप्रमाणे करता येईल आणि ते दिसेलही देखणे. पण मूळ जहाजाने पुढे कॅरिबियनमधल्या सांतो दोमिंगोच्या फेऱ्या केल्या आणि परतताना ते सगळ्या माणसांसह समुद्रात नाहीसे झाले. त्याचे एक फळकूटही कुठल्या संग्रहालयात नाही. म्हणून त्याची प्रतिकृती करताना सुकाणूचा दांडा आणि परबाणाचे चामडे यांसाठी जादा दोन दिवस खर्च करणे मला त्या अठरा जणांचे, आणि न परतलेल्यांचेही, देणे वाटते.

दोरांबद्दल एक व्यवहाराची गोष्ट सांगायची राहिली. संचातला दोरा सुती आहे. मी त्याला मधमाश्यांचे मेण चोळले होते, तरी जूनच्या पहिल्या पावसात एका सकाळी मुख्य परबाण डावीकडे तिरका झालेला आणि वरची काठी मागे वाकलेली दिसली. मामांना फोन केला. “पावसात दोर आकसतंत गो,” ते म्हणाले. “सैल कर. आमी सांजचेच सैल करू.” त्या रात्री सोळा गाठी सोडून प्रत्येक दोराला मिलिमीटर-दीड मिलिमीटर ढील दिली आणि परबाण आपसूक सरळ झाला. माझे नशीब की दोरांची टोके मी अजून कापली नव्हती. पुस्तिका ती लगेच सरस लावून कापायला सांगते. तसे करू नये, पावसाळा उलटेपर्यंत ती दोन-दोन सेंटिमीटर लांब ठेवावीत.